वाचकांचे प्रश्न : परलोकाचा तपास आणि साक्षीदारांची आठवण

प्रश्न : एकोणिसावे शतक म्हणजे इंग्लंडमध्ये आगगाडीचे, तारायंत्राचे आणि डार्विनचे शतक. त्याच काळात केंब्रिजचे विद्वान मृतात्म्यांच्या मागे लागले होते, असे वाचनात आले. त्यांना हे सुचले तरी कसे?
– एक वाचक, सांगली

उत्तर : आपल्याला जी विसंगती वाटते, तिच्यातच या शोधाचे मूळ आहे. १८८२ साली लंडनमध्ये ‘सोसायटी फॉर सायकिकल रिसर्च’ स्थापन झाली आणि तिचे पहिले अध्यक्ष झाले ते नीतिशास्त्राचे अभ्यासक हेन्री सिजविक. त्याआधी १८६९ मध्ये त्यांनी ट्रिनिटी कॉलेजची फेलोशिप सोडून दिली होती, कारण तिच्यासाठी चर्च ऑफ इंग्लंडची ३९ धर्मकलमे मान्य असल्याचे लिहून द्यावे लागे आणि मनाला न पटलेल्या मजकुराखाली सही करणे त्यांना अप्रामाणिकपणाचे वाटले. धर्मग्रंथावरचा विश्वास गेला, पण मरणानंतर माणसाचे काय होते हा प्रश्न काही गेला नाही. उलट, सदाचाराचा हिशेब या एका आयुष्यात जुळत नसेल तर तो जुळतो कुठे, ही टोचणी सिजविकना कायम राहिली. भूगर्भशास्त्राने आणि डार्विनने जे हिरावून घेतले, ते विज्ञानाच्याच वाटेने परत मिळते का ते पाहावे, असा या मंडळींचा विचार होता.

तपासासाठी सामग्री तर आयतीच होती. १८४८ मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या हाइड्सव्हिल गावी फॉक्स भगिनींच्या घरात ‘आत्म्यांची’ टकटक ऐकू येऊ लागली आणि तिचे लोण अटलांटिक ओलांडून आले. (ती टकटक आपण पायाच्या बोटांचे सांधे वाजवून काढत होतो, अशी कबुली त्यांच्यापैकी मार्गारेट यांनी १८८८ मध्ये भर सभेत दिली आणि पुढे ती मागेही घेतली.) थॅलियम हे मूलद्रव्य शोधणारे विल्यम क्रुक्स १८७४ मध्ये एका तरुण माध्यमाच्या (म्हणजे आत्म्यांशी संपर्क साधून देण्याचा दावा करणाऱ्या व्यक्तीच्या) बैठकीत प्रकट होणाऱ्या आकृतीच्या खरेपणाची ग्वाही देत होते. या सगळ्या गोतावळ्यात सर्वांत कठोर परीक्षक, माझ्या मते, हेन्री यांच्या पत्नी एलिनॉर सिजविक होत्या. विल्यम एग्लिंटन या गाजलेल्या माध्यमाच्या बैठकीत पाटीवर ‘आत्म्यांच्या हातून’ उमटणारे लेखन ही निव्वळ हातचलाखी आहे, असे त्यांनी १८८६ मध्ये छापील स्वरूपात म्हटले, तेव्हा आत्म्यांचे संदेश खरे मानणाऱ्या सदस्यांपैकी अनेकांनी रागाने सोसायटीच सोडली.

प्रश्न : मी न्यायालयात नोकरी करून निवृत्त झालो. साक्षीदार प्रतिष्ठित असेल, त्याचा स्वार्थ नसेल आणि त्याचे म्हणणे सुसंगत असेल, तर त्याची साक्ष सहसा कोणी उडवून लावत नाही. मग या सोसायटीने गोळा केलेल्या शेकडो साक्षी विज्ञानाने का मानल्या नाहीत?
– एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : आपण न्यायालयाचा दाखला दिला आहे, म्हणून एका न्यायाधीशाचीच साक्ष घेऊ. सर एडमंड हॉर्नबी हे शांघायच्या ब्रिटिश न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. त्यांची हकीकत सोसायटीच्या एडमंड गर्नी आणि फ्रेडरिक मायर्स यांनी १८८४ मध्ये एका प्रतिष्ठित मासिकात दिली. जानेवारी १८७५ मधल्या एका रात्री शांघायच्या एका वृत्तपत्राचे संपादक हॉर्नबींच्या शयनगृहात आले, दुसऱ्या दिवशीच्या निकालपत्राचा सारांश हट्टाने मागून उतरवून घेतला आणि निघून गेले. हॉर्नबींनी ही गोष्ट शेजारी झोपलेल्या पत्नीला सांगितली, आणि सकाळी कळले की ते संपादक त्याच वेळी आपल्या घरी मरण पावले होते. याहून भक्कम साक्षीदार कुठून आणणार? पण शांघायमधल्याच एका माहीतगाराने तपशील तपासून पाहिले. संपादक रात्री नव्हे, तर सकाळी ८ ते ९ च्या दरम्यान वारले होते. त्या दिवशी असा कोणताही निकाल दिला गेल्याची नोंद नव्हती. आणि ज्या पत्नीला हॉर्नबींनी जागे करून सांगितले, ती तेव्हा त्यांची पत्नीच नव्हती. आधीची पत्नी दोन वर्षांपूर्वी वारली होती आणि नवा विवाह या घटनेनंतर तीन महिन्यांनी झाला. न्यायाधीश खोटे बोलत होते, असे कोणीही म्हटले नाही. त्यांची आठवण मात्र नऊ वर्षांत स्वतःच एक कथा रचून बसली होती.

१८८६ मध्ये गर्नी, मायर्स आणि पॉडमोर यांनी अशा ७०२ हकीकती दोन जाड खंडांत प्रसिद्ध केल्या. पुढच्याच वर्षी ए. टेलर इन्स या स्कॉटिश वकिलाने एक साधा प्रश्न विचारला : मृत्यूची बातमी येण्यापूर्वी भासाची हकीकत लिहून टपालात टाकलेली पत्रे कुठे आहेत? आपल्यासारख्या न्यायालयीन माणसाला या प्रश्नाची धार लगेच जाणवेल. टपालाचा शिक्का असलेले एक पत्र शंभर आठवणींना भारी पडले असते, आणि नेमकी तशीच पत्रे मिळत नव्हती.

सोसायटीने हार मानली नाही. १८८९ पासून ४१० स्वयंसेवकांनी १७,००० लोकांना एकच प्रश्न विचारला : पूर्ण जागे असताना, कोणतेही बाह्य कारण नसताना, आपल्याला कोणी दिसल्याचा, स्पर्श झाल्याचा किंवा आवाज ऐकू आल्याचा अनुभव कधी आला आहे का? १,६८४ जणांनी होकार दिला. १८९४ च्या अहवालात त्यांनी हिशेब मांडला तो असा. इंग्लंडमधल्या मृत्युदरावरून पाहता एखादा ठरावीक माणूस एका ठरावीक दिवशी मरण्याची शक्यता १९,००० त एक होती. ओळखीच्या माणसाचा भास आणि त्याचा मृत्यू यांचा मेळ मात्र ४३ त एकदा बसत होता. साधे भास लोक विसरतात आणि मृत्यूशी जुळलेले लक्षात ठेवतात, हे ओळखून त्यांनी साध्या भासांची संख्या स्वतःहून चौपट धरली होती, म्हणजे स्वतःच्याच निष्कर्षाविरुद्ध झुकते माप घातले होते. असा प्रामाणिकपणा विरळाच. तरीही ४३ मधला तो ‘एक’ बव्हंशी आठवणीवरच उभा होता, त्यामुळे इन्स यांचा प्रश्न जिथल्या तिथे राहिला.

आठवणीचे सोडा, डोळ्यांदेखत घडले त्याचे काय, असे आपण विचाराल. त्याची परीक्षाही सोसायटीनेच घेतली. एस. जे. डेव्ही नावाचा तरुण एग्लिंटनच्या बैठकांनी आधी भारावला आणि नंतर ती हातचलाखी स्वतः शिकला. त्याने अनेक सुशिक्षित मंडळींना बसवून पाटीवर ‘आपोआप’ अक्षरे उमटवून दाखवली आणि प्रत्येकाकडून हकीकत लिहून घेतली. १८८७ मध्ये सोसायटीचे रिचर्ड हॉजसन यांनी या हकीकती छापल्या. पाटी क्षणभरही नजरेआड झाली नाही, असे लोकांनी छातीठोकपणे लिहिले होते, आणि ती तर मधल्या मध्ये बदललेली होती; डेव्ही खोलीबाहेर जाऊन आला होता, याचा उल्लेखच काहींनी केला नव्हता. डार्विनचे समकालीन निसर्गशास्त्रज्ञ आल्फ्रेड रसेल वॉलेस यांना तर हेही पटले नाही. प्रत्येक प्रयोग कसा केला ते सांगितले नाही, तर डेव्ही जादूगार असूनही खरा माध्यम होता असेच अनेकांना वाटेल, असे त्यांनी लिहिले.

प्रश्न : लहानपणी मामाच्या वाड्यात प्लँचेट करताना वाटी सरकलेली मी स्वतः पाहिली आहे. आमच्यापैकी कोणीही ढकलत नव्हते. हे कसे?
– एक वाचक, पुणे

उत्तर : तुम्हीच ढकलत होता, पण ते तुम्हाला ठाऊक नव्हते. लंडनमध्ये टेबल फिरवण्याचे वेड शिगेला पोहोचले असताना मायकेल फॅरडे यांनी १८५३ मध्ये पुठ्ठ्याचे तुकडे मऊ, चिकट लुकणाने एकावर एक चिकटवून टेबलावर ठेवले आणि त्यांवर लोकांना हात टेकायला सांगितले. टेबल ओढत असते तर खालचा पुठ्ठा पुढे गेला असता. प्रत्यक्षात वरचा, हाताखालचा पुठ्ठा पुढे सरकलेला आढळला. मग त्यांनी हाताचा दाब दाखवणारा काटा बसवला. काटा समोर दिसू लागताच टेबल फिरायचे थांबले.

प्रश्न : या मंडळींपैकी कोणी मेल्यावर परत येऊन खूण पटवण्याचे वचन दिले होते का?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : दिले होते. सिजविक १९०० मध्ये वारले. वीस वर्षांच्या कामानंतरही आपण सुरुवातीच्याच संशयात आहोत, असे त्यांनी अमेरिकी मानसशास्त्रज्ञ विल्यम जेम्स यांना सांगितले होते. मायर्स यांची मात्र खात्री पटली होती. त्यांनी १८९१ मध्ये ऑलिव्हर लॉज या पदार्थविज्ञानतज्ज्ञांकडे एक मोहोरबंद पाकीट देऊन ठेवले, ते अशासाठी की आपण गेल्यावर एखाद्या माध्यमाने आतला मजकूर सांगितला तर ताडून पाहता यावा. १९०१ मध्ये मायर्स रोममध्ये वारले. त्यानंतर केंब्रिजच्या मार्गारेट व्हेरॉल यांच्या हातून आपोआप लिखाण होऊ लागले आणि त्यात आले, की पाकिटात प्लेटोच्या ‘सिम्पोझियम’ मधले, प्रेम ही दरी सांधते अशा अर्थाचे शब्द आहेत.

डिसेंबर १९०४ मध्ये सोसायटीच्या सदस्यांसमोर पाकीट फोडले. मायर्स यांनी लिहिले होते, की परत येऊन एखादे स्थळ पाहता आले, तर आपण कंबरलंडमधल्या हॉलस्टेड्स या घराच्या बागेतले खोरे निवडू. प्लेटोचे नाव कुठेच नव्हते. प्रयोग फसल्याचे सोसायटीने जाहीर केले. पुढे काही समर्थकांनी दाखवून दिले, की मायर्स यांचे ज्यांच्यावर प्रेम होते त्या अ‍ॅनी मार्शल हॉलस्टेड्सच्याच घरातल्या होत्या आणि १८७६ मध्ये त्यांनी जवळच्या अल्सवॉटर सरोवरात जीव दिला होता. म्हणजे दोन्ही मजकुरांचा गाभा प्रेम हाच आहे. पण पाकिटात काय आहे हे शब्दाने सांगायचे ठरले होते, आणि हा मेळ पाकीट फोडल्यावर बसवलेला होता.