सिरियम अॅसिटेट भट्टीत पिवळं पडलं, माल खराब निघाला का?

माल चांगला आहे, भट्टी जास्त झाली. तुम्ही लिहिलंय की पांढऱ्या सिरियम अॅसिटेटमधलं (सिरियम धातूचा अॅसिटिक आम्लाबरोबरचा क्षार) पाणी घालवायला ते मफल फर्नेसमध्ये, म्हणजे विजेच्या बंद भट्टीत, 400 अंशांवर ठेवलं, तर फिकट पिवळी पावडर हाती आली आणि ती पाण्यात विरघळेना. ते आता सिरियम डायऑक्साइड झालंय.

वजनावरून खात्री होईल. या क्षारात सिरियमच्या एका अणूमागे तीन अॅसिटेट आणि बहुधा दीड रेणू पाणी असतं. मोलर वस्तुमान, म्हणजे एका मोलचं ग्रॅममधलं वजन, साधारण 344. डायऑक्साइडचं 172, म्हणजे निम्मं. एक ग्रॅम ठेवला असेल तर अर्धा उरला पाहिजे. नुसतं पाणी गेलं असतं तर 0.92 ग्रॅम उरलं असतं. रिकाम्या क्रुसिबलचं वजन वहीत लिहून ठेवलं असलं म्हणजे मिळवली!

पाणी दोनशे अंशांच्या आतच सुटतं. तीनशेच्या आसपास अॅसिटेटच फुटतं, आणि हवेतला ऑक्सिजन सिरियमला +3 वरून +4 वर नेतो. आवर्त सारणीत शेजारी असलेल्या लँथेनमचं तसं होत नाही. त्याच्या अॅसिटेटचं आधी ऑक्सिकार्बोनेट बनतं, ऑक्साइडसाठी सातशेच्या आसपास किंवा वर जावं लागतं, आणि ते ऑक्साइड कळीच्या चुन्यासारखं हवेतलं पाणी ओढतं. आपल्याकडच्या जुलैत ते उघडं ठेवून वजन करायला गेलात तर तराजूचा आकडा चढतच राहील. सिरियम त्या मानाने गुणी. (मी शिरोलीच्या एका फाउंड्रीच्या लॅबमध्ये आहे. आमच्याकडे सिरियम येतो तो एसजी आयर्नच्या (गोलाकार ग्रॅफाइटचं ओतीव लोखंड) मॅग्नेशियम मिश्रधातूतून, तेही चिमूटभर. अॅसिटेटशी ओळख एम.एस्सी.पासूनची.)

निर्जल क्षार खरंच हवा असेल, तर उघड्या ओव्हनमध्ये हळूहळू तापवूनही खात्री नसते. निघणारं पाणी अॅसिटेटशीच भिडतं, व्हिनेगरसारखा वास येतो, म्हणजे अॅसिटिक आम्ल उडून चाललंय, आणि मागे बेसिक अॅसिटेट, म्हणजे काही अॅसिटेटच्या जागी हायड्रॉक्साइड आलेला क्षार, राहतं. त्यापेक्षा अॅसिटिक अॅनहायड्राइडमध्ये रिफ्लक्स करा, म्हणजे वाफ थंड होऊन परत त्याच भांड्यात पडेल असं उकळत ठेवा. अॅनहायड्राइड पाण्याशी क्रिया करून अॅसिटिक आम्लच बनवतं, त्यामुळे क्षाराचं आम्ल निसटत नाही. नंतर गाळून व्हॅक्यूममध्ये सुकवा. हे फ्यूम हूडमध्येच. वाफ डोळ्यांना भयंकर झोंबते.

पण तुम्हाला करायचीय स्प्रे पायरोलिसिसने, म्हणजे द्रावण तापलेल्या काचेवर फवारून, सिरियम ऑक्साइडची फिल्म, तीही पाण्यातल्या द्रावणातून. मग पाणी काढून पुन्हा पाण्यातच घालायचा हा द्राविडी प्राणायाम कशाला? बाटलीतला क्षार तसाच वापरा. फक्त हिशेब 344 धरून करा: 100 मिलिलिटर 0.1 मोलर द्रावणाला 3.44 ग्रॅम. बाटलीवर पाण्याचं प्रमाण वेगळं छापलेलं असेल तर तो आकडा धरा. द्रावण गढूळ दिसलं तर अॅसिटिक आम्लाचे चार थेंब टाका, आणि नोझलमध्ये भरण्याआधी गाळून घ्या.