काळाला चकवणारा चांगदेव आणि काळ मोजणारा चांगदेव

आपण विचारले आहे की काळाची जादू अवगत असलेला एखादा पंडित मराठी परंपरेत आहे का, आणि असल्यास त्याचे आयुष्य कसे होते व त्याच्या मागे काय उरले. माझे उत्तर चांगदेव असे आहे. पुण्यात वाढलेल्या माणसाला त्याची ओळख पुस्तकाच्याही आधी आळंदीत होते. मी लहानपणी स्वारगेटहून बसने आळंदीला गेलो, तेव्हा ‘हीच ती चाललेली भिंत’ असे सांगून आजीने मला तिला हात लावायला लावला होता, आणि वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक घेऊन तिच्यासमोर कोण आला होता, हेही तिथेच सांगितले होते.

चांगदेव हा तापीकाठचा योगी, चौदा विद्या आणि चौसष्ट कला शिकलेला. त्याच्या सिद्धीला परंपरेने ‘काळवंचना’ असा नेमका शब्द दिला आहे. मृत्यूची घटका जवळ आली की तो प्राण ब्रह्मरंध्रात, म्हणजे टाळूच्या ठिकाणी, चढवून समाधीत बसे, घटका टळली की प्राण पुन्हा खाली आणी, आणि पुढच्या शंभर वर्षांना मोकळा होई. असे चौदा वेळा करून तो चौदाशे वर्षे जगला, असे सांगतात. (एकाच नावाचे अनेक नाथपंथी योगी एकामागून एक होऊन गेले असावेत, असा अभ्यासकांचा एक तर्क आहे, तो पटण्याजोगा असला तरी गोष्टीतली मजा मात्र घालवतो.) यातली बारकाईने पाहण्याची गोष्ट अशी की चांगदेव काळ थांबवत नाही किंवा मागेही नेत नाही, सावकार दारात आला की मागच्या खोलीत दडून बसावे, इतकीच त्याची युक्ती आहे, आणि म्हणून ती शंभर वर्षांनी पुन्हा करावी लागते.

त्याच्या आयुष्यातला कळीचा प्रसंग मात्र जादूचा नसून पत्राच्या मायन्याचा आहे. ज्ञानदेवांची कीर्ती ऐकून त्याने पत्र लिहायला घेतले आणि पहिल्याच शब्दाशी तो अडला. वयाने इतक्या लहान मुलाला ‘तीर्थरूप’ कसे लिहावे, आणि ज्ञानाने आपल्याहून मोठ्याला ‘चिरंजीव’ तरी कसे लिहावे? अखेर त्याने कोराच कागद पाठवला. तो पाहून, चौदाशे वर्षे जगूनही हा कोराच राहिला, असे मुक्ताबाई म्हणाल्याची कथा आहे. निवृत्तिनाथांच्या सांगण्यावरून ज्ञानदेवांनी त्या कोऱ्या पत्राला पासष्ट ओव्यांचे उत्तर दिले, तीच ‘चांगदेव पासष्टी’. आरसा समोर येण्याआधी आणि तो दूर झाल्यानंतरही मुख मुखाच्या ठिकाणी असतेच, अशा अर्थाची एक ओवी तीत आहे. ‘आधी’ आणि ‘नंतर’ यांच्या हिशेबातच चौदा शतके घालवलेल्या माणसाला याहून नेमके उत्तर देता आले नसते, असे मला वाटते. पुढे जेमतेम चौदा-पंधरा वर्षांच्या मुक्ताबाई त्याच्या गुरू झाल्या. गोदावरीकाठी पुणतांबे येथे त्याची समाधी आहे, म्हणजे काळाला चकवणे त्याने शेवटी स्वतःहून सोडले.

मागे काय उरले, याचे उत्तर जळगाव जिल्ह्यात मिळते. तापी आणि पूर्णा यांच्या संगमावर चांगदेव नावाचे गाव आहे आणि तिथे त्याच्या नावाचे जुने दगडी मंदिर आहे. ते गाव ज्या तालुक्यात येते त्याचे पूर्वीचे नाव एदलाबाद होते. आता तो मुक्ताईनगर म्हणून ओळखला जातो, म्हणजे शिष्याचे गाव आज गुरूच्या नावाच्या तालुक्यात आहे.

आता ज्या गोष्टीसाठी मी हे उत्तर लिहायला घेतले, तिच्याकडे येतो. याच जिल्ह्यात, चाळीसगावजवळच्या पाटण येथे, शके 1128 चा एक शिलालेख आहे आणि त्यातही एक चांगदेव आहे. हा भास्कराचार्यांचा नातू, लक्ष्मीधराचा मुलगा आणि यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी. हे दोन चांगदेव एकच होते असे मानायला आधार नाही आणि तसे कोणी सांगितल्यास विश्वास ठेवू नये. या दुसऱ्याने काळाला फसवले नाही. तो ग्रहगणित करून काळ मोजणाऱ्यांपैकी होता. आजोबांच्या ‘सिद्धान्तशिरोमणी’सारख्या ग्रंथांचे अध्ययन चालू राहावे म्हणून त्याने मठ स्थापन केला. प्राचीन लेखांचे अभ्यासक भाऊ दाजी लाड यांनी एकोणिसाव्या शतकात उजेडात आणलेल्या या लेखाचा बराचसा भाग संस्कृतात आहे; शेवटी मात्र मजकूर जुन्या मराठीवर उतरतो, कारण तिथे व्यवहार आहे: पाटणच्या बाजारात जो माल विक्रीला येईल, त्यावर गिऱ्हाइकाकडून राजाला मिळणारे उत्पन्न मठाला दिले आहे.

आपण पात्र रचत असाल, तर सिद्धी पहिल्या चांगदेवाची घ्यावी आणि वारसा दुसऱ्याचा. बाजारातल्या करावर चाललेली ग्रहगणिताची शाळा मला तरी वाघावरच्या स्वारीपेक्षा अधिक अद्भुत वाटते. पाटणला गेलात, तर आधी शिलालेखाकडेच जावे आणि त्यातल्या शेवटच्या मराठी ओळी शोधाव्यात.