तुझ्या नावातला वसंत

प्रिय चैत्राली,

गेल्या आठवड्यात शाळेच्या नावांच्या प्रकल्पासाठी लिहिता लिहिता तू मान वर करून मला विचारलेस, "बाबा, मी नोव्हेंबरमध्ये जन्मले आणि तुमच्या गावात मार्चमध्ये सगळे मेलेले असते. मग माझ्या नावातला वसंत कुठला?" तू हे चिडवण्यासाठी विचारले नव्हतेस, हे मला ठाऊक आहे, तरी 'मेलेले' हा शब्द मनाला लागला. ताटे वाढली होती म्हणून तेव्हा "नाव आत्याने ठेवले" एवढेच सांगितले. आज सवडीने लिहितो आहे. यातले तुला पटेल तेवढेच घे.

तुझ्या प्रश्नामागे एक फोटो आहे. 2024 च्या मार्च ब्रेकमध्ये, शाळेच्या सुटीत, आपण टोरोंटोहून यवतमाळ जिल्ह्यातल्या घाटंजी तालुक्यातल्या आपल्या गावी गेलो होतो, तेव्हा तू घरामागच्या वावराचा तो काढलास. त्यात भेगाळलेली काळी जमीन आहे, उपटून रचलेल्या पऱ्हाटीचे, म्हणजे कापसाच्या वाळक्या झाडांचे, ढीग आहेत, आणि गहू निघून गेलेल्या तुकड्यात नुसती धसकटे आहेत. आता तोच फोटो पुन्हा उघड आणि उजवीकडचा कोपरा मोठा करून पाहा. धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, एक केशरी डाग दिसेल. तो पळस आहे. त्या दिवशी तुला तो दाखवायचे माझ्या मनात होते, पण ऊन चढले होते आणि तुझे डोके दुखत होते.

दुसरी गोष्ट महिन्याची. ज्या महिन्याच्या पौर्णिमेला चंद्र चित्रा नक्षत्रापाशी असतो तो चैत्र. आपले महिने चंद्रावर चालतात म्हणून इंग्रजी तारखांच्या हिशेबात ते मागेपुढे सरकतात. चैत्राचा पहिला दिवस, म्हणजे गुढीपाडवा, 2024 मध्ये 9 एप्रिलला आला आणि 2025 मध्ये 30 मार्चला. आपण गेलो तेव्हा फाल्गुन नुकताच लागला होता, चैत्राला अजून चार आठवडे होते. पण ही सबब मी ताणणार नाही. चैत्र-वैशाख हे वसंताचे महिने असे आम्ही शाळेत पाठ केले खरे, पण यवतमाळकडच्या चैत्रात शेतात हिरवे फारसे काही नसते, आणि दुपारी बाराच्या आत माणसे घरात येतात. तुला जे दिसले ते खोटे नव्हते.

तरीही तिथे वसंत असतो, आणि तो ओळखायला तुला इथलेच एक झाड उपयोगी पडेल. टोरोंटोच्या हाय पार्कमध्ये एप्रिलच्या अखेरीस आपण चेरीचा बहर पाहायला जातो. 1959 मध्ये टोकियोच्या नागरिकांच्या वतीने टोरोंटोला चेरीची दोन हजार झाडे भेट मिळाली, त्या झाडांचा तो बहर. तू पाच-सहा वर्षांची असताना त्या झाडाखाली उभी राहून मला विचारले होतेस की पाने कुठे गेली. त्या झाडाला आधी फुले येतात, पाने मागाहून फुटतात. पळसाचेही तसेच आहे. माघ-फाल्गुनात तो सारी पाने टाकतो, उघड्या फांद्यांवर काळ्या मखमली कळ्या धरतात, आणि त्या कळीतून पोपटाच्या चोचीसारखे वाकलेले केशरी फूल बाहेर येते. चेरीखाली हिरवळ असते आणि पळसाखाली तापलेले मुरमाड रान असते, म्हणून एकाला वसंत म्हणणे सोपे जाते आणि दुसऱ्याला अवघड. माझे डोळे मात्र पळसावर तयार झाले आहेत. इथे पंचवीस वर्षे होत आली, चेरीचा बहर मला मनापासून आवडतो, पण वसंत म्हटले की आधी धुऱ्यावरचा पळसच आठवतो.

होळीच्या आधी आम्ही मुले ही फुले पोत्याने गोळा करून आणत असू. तुझी आजी ती मोठ्या गंजात, म्हणजे पातेल्यात, उकळत घाली आणि रात्रभर तशीच राहू देई. सकाळी पाण्याला गडद पिवळा-केशरी रंग आलेला असे आणि त्याला किंचित तुरट वास येई. त्या रंगाचे डाग सदऱ्याच्या कॉलरवर बरेच दिवस दिसत आणि शाळेत गुरुजी त्याबद्दल काही बोलत नसत, कारण त्यांच्याही कॉलरवर ते असत. त्यानंतर मोह गळायला लागे. मोहाची फुले पहाटे गळतात, मळकट पांढरी, मांसल, हातात घेतली की चिकट. वेचायला सूर्य वर यायच्या आत जावे लागे. माझ्याबरोबर तुझी आत्या असे, किंबहुना तिच्याबरोबर मी असे. टोपले तिच्या डोक्यावर आणि माझे काम झाडाखालची वाळकी पाने बाजूला सारण्याचे. दोन फुले तोंडात टाकली की ती मला रागवायची आणि स्वतः चार खायची. घराजवळच्या कडुनिंबाला तांबूस पालवी येई. पाडव्याला त्याचा फुलोरा गुळात आणि भिजल्या हरभरा डाळीत कालवून आजी आमच्या तळहातावर ठेवी, आणि आम्ही साखरेच्या गाठीकडे पाहत तो गिळत असू.

हे सगळे लिहिताना मला जाणवते की मी तुला फक्त गोड बाजू सांगतो आहे. ते बरोबर नाही. त्याच चैत्रात आमच्या विहिरीचे पाणी इतके खोल जाई की दोराला दुसरा दोर जोडावा लागे, आणि ते ओढण्याचे काम आजीचे आणि आत्याचे असे. पीककर्ज 31 मार्चच्या आत भरायचे असते. कापसाचे पैसे त्या वर्षी कमी आले असतील तर तुझे आबाजी त्या दिवसांत जेवताना कोणाशी बोलत नसत. आमच्या भागात सालगड्याचे, म्हणजे वर्षाच्या करारावर शेतात राबणाऱ्या गड्याचे, साल पाडव्याला संपते आणि नवे साल त्याच दिवशी ठरते. ओसरीत आबाजी आणि सालगडी समोरासमोर बसत, रोख किती आणि ज्वारी किती यावर बोलणे चाले, आणि सालगड्याची बायको अंगणात पदर तोंडाशी धरून उभी राही. मला गुढीच्या गाठीची घाई असे. ती बाई ते बोलणे कोणत्या मनाने ऐकत असेल, याचा विचार मी फार उशिरा, इथे आल्यावर, केला. तेव्हा चैत्र सगळ्यांना सारखाच सुखाचा होता असे मी म्हणणार नाही.

आता आत्याविषयी, कारण तुझ्या प्रश्नाचे खरे उत्तर तिच्याकडे आहे.

तिचे माहेरचे नाव वासंती. आमच्याकडे त्या पिढीत मुलींची नावे शेवंता, पंचफुला, कुसुम, सुमन अशी फुलांवरून ठेवत, आणि मुलग्यांनाही वसंत म्हणत. गावात तीन-चार तरी वसंता होते. आमच्याच जिल्ह्यातल्या, पुसदजवळच्या गहुलीचे वसंतराव नाईक 1963 ते 1975 राज्याचे मुख्यमंत्री होते, त्यामुळे ते नाव आमच्याकडे घरोघरी माहीत होते. हे अशासाठी सांगतो की वसंत हे नाव नाजूक आहे म्हणून मुलींना देतात, असे तुला कोणी म्हटले तर तुला उत्तर देता यावे.

वासंतीचे लग्न 1986 मध्ये झाले, तेव्हा मी चौथीत होतो. लग्नात नवरीचे नाव बदलायची रीत होती. पितळी ताटात तांदूळ पसरले गेले आणि नवरदेवाने अंगठीच्या टोकाने त्यांत नवे नाव लिहिले. मी अगदी ताटाला चिकटून उभा होतो. 'सुनंदा' ही अक्षरे मी मोठ्याने वाचली आणि सगळे हसले. मग कोणीतरी ताट उचलले, तांदूळ हलले, अक्षरे मोडली, पण नाव मात्र सासरी तेच राहिले. रेशनकार्डावर, मतदारयादीत, तिच्या सुनांच्या तोंडी ती सुनंदाबाई आहे. या रितीचे समर्थन मला करता येत नाही. जुनी माणसे म्हणत की नव्या घरात नवे नाव शुभ असते, आणि आत्यानेही त्याबद्दल कधी तक्रार केली नाही. मलाच ते अजून खटकते. तुझ्या आईने लग्नात नाव बदलले नाही, हे तुला माहीत आहेच.

आत्याला माहेरी यायला सवड मिळे ती चैत्रातच. कापूस वेचून झालेला, गहू-हरभरा घरात आलेला आणि मृगाची पेरणी अजून दूर, असे तेच काय ते मधले दिवस. पाडव्यानंतर ती एसटीने फाट्यावर उतरे, आबाजी बंडी जुंपून मला बरोबर घेत, आणि अंगणात पाय ठेवताच आजी आतून ओरडे, "आली वं माय माही वासंती!" वर्षातून त्या तीन-चार आठवड्यांतच ते नाव घरात ऐकू येई. ती आखजीपर्यंत, म्हणजे अक्षय्य तृतीयेपर्यंत, राही. आखजीला पितरांची घागर भरली की मगच आमच्याकडे आंब्याला हात लावत, आणि रसाबरोबर सरगुंडे होत. ती आणि आजी समोरासमोर बसून काडीभोवती कणकेचा दोरा गुंडाळत असत; आत्याचे वेटोळे इतके सारखे पडायचे की आजी आपली काडी मागे लपवायची. त्या वेळी त्या काय बोलत, ते मला आठवत नाही. बोलणे थांबत नसे, एवढे आठवते.

तू जन्मलीस तेव्हा इथे पाने गळून गेली होती. बाळाचे नाव ठेवायचा मान आत्याचा असतो. बाराव्या दिवशी मी फोन तुझ्या कानाशी धरला आणि तिने तिकडून "कुर्र" करून नाव सांगितले. आम्ही दोघांनी आधी माधवी, पल्लवी, मंजिरी अशी नावे काढून ठेवली होती. त्यांतही वसंतच होता. माधव हे वैशाखाचे जुने नाव, मंजिरी म्हणजे आंब्याचा मोहोर. तिने ती सगळी बाजूला ठेवली. मी तिला तुझाच प्रश्न विचारला होता, की पोर कार्तिकात जन्मली आणि नाव चैत्राचे कसे. ती म्हणाली, "जन्म कवाचाई असो. मले त चैतातच माहेर भेटे, बाबू."

तुझ्या नावातला वसंत तो हा आहे. तो तुझ्या जन्माच्या महिन्यात नाही आणि हवामानाच्या नकाशावरही सापडणार नाही. एका बाईला जे दिवस आपले वाटत, त्यांचे नाव तिने तुला दिले.

आणि इथेच माझ्या मनात शंका येते. आत्याचे माहेर हे तुझे माहेर नाही. तिची ओढ तुझ्या शाळेच्या वहीवर लिहिली जावी का, आणि बारा वर्षांच्या मुलीने दुसऱ्याच्या आठवणीचे नाव घेऊन वावरावे का, हे मला ठामपणे सांगता येत नाही. तुझी आई म्हणते की सगळीच नावे दुसऱ्याने ठेवलेली असतात आणि माणूस वापरून ती आपली करतो. मला ते पटते. पण पटण्यात माझी सोय आहे, हेही मला दिसते. मैत्रिणी तुला निम्म्याच नावाने हाक मारतात आणि तुला ते आवडते, तर मारू देत. त्यावरून मी तुला कधी टोकणार नाही. पुढे मोठेपणी तुला ते बदलावेसे वाटले तर तो निर्णयही तुझा असेल. तो तू स्वतः घ्यावास, ताटाशेजारी उभ्या असलेल्या दुसऱ्या कोणी तो तुझ्यासाठी घेऊ नये, एवढीच माझी इच्छा आहे.

प्रकल्पात लिहायला यातले फारच थोडे लागेल: चित्रा नक्षत्र, चैत्र महिना, पळसाचा बहर, आणि नाव ठेवणारी आत्या. फोटो लावायचा असेल तर तोच वावराचा लाव, पऱ्हाटीच्या ढिगांसकट. फक्त पळस दिसेल असा कोपरा कापू नकोस. बाकीचे वर्गात सांगायचे की नाही, ते तुझे तू ठरव.

आत्याला मी या पत्राबद्दल अजून सांगितलेले नाही. रविवारी सकाळी आपण तिला फोन करतो तेव्हा तुला वाटले तर तूच विचार, की मोह वेचताना फुले जास्त कोण खायचे. ती माझे नाव सांगेल.

तुझा,
बाबा