दख्खनच्या सुलतानशाह्या अभ्यासताना: आधी मोडी शीक

विजापूरच्या आदिलशाहीपासून सुरुवात करतोयस, मनापासून आनंद झाला. लढायांच्या याद्या सध्या बाजूला ठेव, मोडी शीक. विजापूर दरबाराच्या कितीतरी कागदांत फारसीसोबत मोडीतला मराठी मजकूर असतो, आणि गावगाड्याचा खरा कारभार तिथेच दिसतो.

शुहूर सन, म्हणजे या कागदांवर वर्ष लिहायची कालगणना, सुरुवातीला छळेल. आकड्यांऐवजी अरबी शब्द: इसन्ने म्हणजे दोन, सलास म्हणजे तीन. वर्ष मृगाला बदलतं, म्हणून महिना पाहून ५९९ किंवा ६०० मिळव, इसवी सन हाती येतो. विजापूर १६८६ मध्ये पडलं, तरी हाच सन पेशव्यांच्या दप्तरात चालू राहिला. देशमुख, कुलकर्णीही आपापल्या वतनावर राहिले.

पुढे अहमदनगरच्या निजामशाहीचा कर्ताधर्ता मलिक अंबर याची जमीन-महसूल पद्धत घे. त्यावर सावकाश बोलू.