हेरगिरीतून निवृत्त झाल्यावर मनावरचा ताण संपतो का?

सहसा लगेच संपत नाही, आणि त्याचे कारण धोक्यापेक्षा गुप्ततेत अधिक असते. वर्षानुवर्षे खोटी ओळख वागवणाऱ्याला प्रत्येक माणसामागे हेतू शोधण्याची सवय जडते. मग दादरच्या सोसायटीत शेजारच्या काकांनी सहज विचारलेले ‘नोकरी कुठे होती?’ हेही उलटतपासणीसारखे वाटू शकते. झोप उडते, घरच्यांशी अंतर पडते, कधी व्यसन लागते. १९६३ मध्ये मॉस्कोला पळालेला ब्रिटिश गुप्तचर अधिकारी किम फिल्बी (तो तर सोव्हिएत संघाला फितूरच!) तेथे दारूत बुडाला होता. इतर आघातांवर बोलून उपचार होतो. आपल्याकडे मात्र, २०२१ च्या पेन्शन नियमांनुसार गुप्तचर खात्यातील निवृत्तांना कामाविषयी लिखाण प्रसिद्ध करण्यासही पूर्वपरवानगी लागत असताना, केईएममधल्या मानसोपचारतज्ज्ञाला काय सांगावे, हाच पेच पडतो. माझ्या मते तपशील वगळून भीती आणि अपराधभाव सांगता येतात, आणि उपचार सुरू करायला तेवढे पुरते.