राल्फ बेअर यांना व्हिडिओ गेमचे जनक का म्हणतात?

पडद्यावरच्या फळ्यांनी चेंडू टोलवायचा 'पाँग' हा गाजलेला खेळ अटारी कंपनीचा, मग जनकत्वाचा मान राल्फ बेअर यांना का, आणि त्यांनी नेमके केले तरी काय, असे तुम्ही विचारले आहे. त्यांनी काय केले हे नीट पाहिले, की मान कोणाचा हा वाद बराचसा आपोआप सुटतो, असे मला वाटते.

बेअर यांचा जन्म ८ मार्च १९२२ रोजी जर्मनीतील पिर्मासेन्स येथे एका ज्यू कुटुंबात झाला. नाझी राजवटीत त्यांना ज्यू म्हणून शाळेतून काढण्यात आले आणि १९३८ मध्ये, देशभर ज्यूंवर हल्ले होण्याच्या काही महिने आधी, हे कुटुंब अमेरिकेत पोहोचले. न्यूयॉर्कमध्ये कारखान्यात राबत असतानाच त्यांनी पत्राद्वारे रेडिओ दुरुस्तीचे शिक्षण घेतले. महायुद्धात ते अमेरिकी सैन्याच्या गुप्तवार्ता विभागात होते. युद्धानंतर, १९४९ मध्ये, त्यांनी शिकागोच्या एका संस्थेतून टेलिव्हिजन अभियांत्रिकीची पदवी मिळवली.

१९६६ च्या उन्हाळ्यात ते सँडर्स असोसिएट्स या संरक्षण साहित्य बनवणाऱ्या कंपनीत एका मोठ्या विभागाचे प्रमुख होते. न्यूयॉर्कमध्ये एका बस स्थानकाबाहेर सहकाऱ्याची वाट पाहत असताना त्यांनी एक कल्पना टिपून घेतली आणि १ सप्टेंबर रोजी तिचे सविस्तर चार पानी टिपण तयार केले: घरोघरी असलेल्या टीव्ही संचाला एखादे स्वस्त यंत्र जोडून त्यावर खेळ खेळता येतील काय? टिपणावर तारीख घातली, सहकाऱ्याची साक्षीदार म्हणून सही घेतली. ही शिस्त पुढे किती कामी आली ते खाली येईलच.

पडद्यावरचा खेळ हीच काही नवी गोष्ट नव्हती, हे येथे प्रामाणिकपणे सांगायला हवे. विल्यम हिगिनबॉथम यांनी १९५८ मध्ये ऑसिलोस्कोपवर (विद्युत संकेतांचे आलेख दाखवणाऱ्या उपकरणाच्या पडद्यावर) टेनिस दाखवले होते आणि १९६२ मध्ये एमआयटी या अमेरिकी तंत्रज्ञान विद्यापीठातील विद्यार्थ्यांनी 'स्पेसवॉर' हा संगणकावरचा खेळ रचला होता. पण त्यासाठी प्रयोगशाळा किंवा अतिशय महागडा संगणक लागत असे. बेअर यांनी संगणक पूर्णपणे टाळला. टीव्हीचा इलेक्ट्रॉन झोत पडदा एकेक ओळ करत रंगवतो. ओळ सुरू झाल्यापासून ठरावीक कालावधीने, म्हणजे सेकंदाच्या अगदी सूक्ष्म अंशाने, विद्युत स्पंद दिला की त्या जागी पांढरा ठिपका उमटतो. खेळाडूने यंत्राची मूठ फिरवली की तो कालावधी बदलतो आणि ठिपका सरकतो. दोन ठिपक्यांचे स्पंद एकाच क्षणी आले की विद्युत मंडलाला 'टक्कर' झाल्याचे कळते आणि चेंडू उलटा फिरतो. मोजक्या ट्रान्झिस्टर-डायोडांवर हे सारे चालत असे. मला तर त्यांचे खरे कर्तृत्व या काटकसरीतच दिसते.

काम अर्थातच त्यांनी एकट्याने केले नाही. कंपनीने सुरुवातीला केवळ २,५०० डॉलर मंजूर केले. जोडणी बिल हॅरिसन यांनी केली, आणि खेळाडूने टोलवायचा, यंत्राच्या ताब्यातील चेंडू ही कल्पना बिल रश यांची. १९६८ मध्ये तयार झालेला, लाकडी दिसणाऱ्या कागदाने मढवलेला नमुना 'ब्राउन बॉक्स' म्हणून ओळखला जातो. मॅग्नाव्हॉक्स या टीव्ही बनवणाऱ्या कंपनीने परवाना घेऊन १९७२ मध्ये तो 'ओडिसी' या नावाने विक्रीस आणला. त्याला आवाज नव्हता, गुणही कागदावर लिहावे लागत, आणि तो केवळ मॅग्नाव्हॉक्सच्याच टीव्हीवर चालतो असा अनेक ग्राहकांचा समज झाला. तरीही सुमारे साडेतीन लाख संच विकले गेले.

आता अटारीविषयी. १९७२ च्या मे महिन्यात कॅलिफोर्नियात ओडिसीचे प्रात्यक्षिक झाले, तेथील अभ्यागत नोंदवहीत अटारीचे सहसंस्थापक नोलन बुशनेल यांची सही आहे. 'पाँग' आला तो त्याच वर्षाच्या नोव्हेंबरात. मॅग्नाव्हॉक्सने पेटंटभंगाचा दावा लावल्यावर अटारीने १९७६ मध्ये तडजोड करून परवाना घेतला, आणि १९७७ मध्ये शिकागोच्या न्यायालयाने उरलेल्या प्रतिवादींविरुद्ध निकाल देताना बेअर यांचे पेटंट या क्षेत्रातील आद्य पेटंट ठरवले. तारखा घालून जपलेली टिपणे पुराव्यादाखल उभी नसती, तर हा निकाल इतका निःसंदिग्ध लागला असता असे मला वाटत नाही.

म्हणून घरगुती व्हिडिओ गेमचे जनक बेअर, हे मी निःशंक मान्य करतो. मात्र त्याचा धंदा उभा केला तो बुशनेल यांनी. 'पाँग'मध्ये आवाज होता, चेंडू फळीच्या ज्या भागाला लागेल त्यानुसार त्याचा कोन बदलत असे, आणि खेळण्यातली ही गोडी ओडिसीत नव्हती.

बेअर यांना अमेरिकेचे राष्ट्रीय तंत्रज्ञान पदक २००६ मध्ये प्रदान करण्यात आले आणि ६ डिसेंबर २०१४ रोजी त्यांचे निधन झाले. बुशनेल यांच्यावर नक्कलेचा ठपका ठेवणाऱ्यांनी आणखी एक प्रकरण जरूर वाचावे. दिवे आणि सूर लक्षात ठेवून तोच क्रम दाबून दाखवायचा 'सायमन' हा खेळ बेअर यांनी हॉवर्ड मॉरिसन यांच्यासह घडवला आणि तो १९७८ मध्ये बाजारात आला. त्याची मूळ प्रेरणा होती अटारीचेच 'टच मी' हे यंत्र: कल्पना उत्तम, पण आवाज कर्कश, असे बेअर यांचे मत झाले होते. त्यांनी बिगुलाचे चार गोड स्वर निवडले, आणि अटारीला जमले नव्हते ते यश 'सायमन'ला मिळाले.