कुलाब्याच्या चर्चला ‘अफगाण चर्च’ का म्हणतात? आत बघण्यासारखं काय आहे?

चार वर्षं माझी नोकरी कुलाब्याला होती. नेव्ही नगरच्या बसमधून रोज तो मनोरा दिसायचा, पण आत पाऊल टाकलं ते नोकरी सुटताना. तेव्हा माझ्यासारखं करू नका.

चर्चचं खरं नाव संत जॉन यांचं. ‘अफगाण’ हे लोकांनी पाडलेलं नाव, कारण पहिल्या अफगाण युद्धात आणि सिंधच्या मोहिमांत मेलेल्यांचं हे स्मारक आहे. १८४२च्या जानेवारीत काबूलहून माघारी निघालेल्या इंग्रज फौजेची वाटेत पार वाताहत झाली. त्या घावानंतर जवळपास सहा वर्षांनी, डिसेंबर १८४७मध्ये, इथे पायाभरणी झाली. जानेवारी १८५८मध्ये चर्च उपासनेला खुलं झालं. मनोऱ्याला मात्र १८६५ उजाडलं. जागा देताना सरकारची अट होती की शिखर बंदरात येणाऱ्या जहाजांना खूण म्हणून दिसलं पाहिजे. म्हणून ते १९८ फूट!

आराखडा हेन्री कोनीबेअरचा. मुंबईला नळाचं पाणी देणारी विहार तलावाची योजनाही याच माणसाची, त्यामुळे मला त्याच्याविषयी जरा जास्तच आपुलकी आहे. त्याआधी इंग्लंडहून एका नामांकित वास्तुविशारदाचा आराखडा आला होता, पण तो परवडेना. कोनीबेअरने कुर्ल्याचा दगड घेतला, खांब आणि कमानींना पोरबंदरी दगड वापरला. शैली गॉथिक, म्हणजे टोकदार कमानी आणि उभी, अरुंद खिडक्यांची रांग. आतली सजावट बटरफील्ड या इंग्रज वास्तुविशारदाची. जमिनीच्या नक्षीदार फरशा नीट बघा, त्या विलायतेहून आणलेल्या आहेत. रंगीत काचा विल्यम वेल्सच्या. सकाळी गेलात तर पूर्वेच्या खिडकीचा रंग अंगावर घेऊन बसता येतं. मी बसलो होतो, चांगला अर्धा तास.

बाकांच्या खाचाही चुकवू नका. त्या बंदुका टेकवायला केल्या आहेत. १८५७च्या मे महिन्यात मीरतला उठाव झाला तो रविवारच्या संध्याकाळी, गोरे शिपाई प्रार्थनेच्या तयारीत असताना. तेव्हापासून देवाच्या दारीही बंदूक सोबत न्यायची, असा दंडक पडला.

आता मला सगळ्यात खटकलेली गोष्ट. अधिकाऱ्यांची नावं भिंतीवर एकेक करून कोरली आहेत. शिपायांविषयी एकच ओळ, तिचा अर्थ असा की ते इतके होते की नावं लिहिणं शक्य नव्हतं. सिंधमार्गे अफगाणिस्तानात गेलेल्या मुंबई फौजेत आपल्याकडचेही शिपाई होते. त्यांच्या घरच्यांना निदान कळलं तरी असेल का, असं मनात येऊन गेलं.

१९७०पासून हे चर्च ‘चर्च ऑफ नॉर्थ इंडिया’कडे आहे आणि उपासना आजही चालते, त्यामुळे जाण्याआधी प्रार्थनेची वेळ नाही ना ते बघा. बसच्या कंडक्टरला संत जॉन विचारत बसू नका, ‘अफगाण चर्च’ म्हणा, तो बरोबर उतरवेल.